पोटात पाय, पाठीमागे कल्ले

गोगलगाय आणि पोटात पाय. वरून गरीब दिसणारा, बोलायला मऊ, पण आतून पक्का बिलंदर असा कुणी भेटला की आपल्याकडे ही म्हण हमखास निघते. गंमत अशी की १७९५ साली जॉर्ज क्युव्हिए नावाच्या फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञाने गोगलगायींच्या अख्ख्या वर्गाला जे नाव दिलं, तेही शब्दशः हेच आहे. गॅस्ट्रोपॉड. ग्रीकमध्ये गॅस्टर म्हणजे पोट आणि पॉड म्हणजे पाय. मराठी पुस्तकांत त्याचं 'उदरपाद' झालं. आपल्या आज्यांनी जे ओट्यावर बसून पाहिलं, तेच पॅरिसच्या संग्रहालयात बसून त्याने पाहिलं. फरक एवढाच, की आपण त्यावरून माणसाचा स्वभाव सांगितला आणि त्याने प्राण्यांचं कपाट लावलं.

मला सांगायचंय ते या कपाटातल्या एका खणाबद्दल. खणावर चिठ्ठी होती 'ऑपिस्थोब्रँकिया'. १८४८ ते २०१० अशी साधारण १६० वर्षं समुद्रातल्या बिनशंखाच्या, रंगीबेरंगी गोगलगायी या खणात ठेवल्या जात होत्या. आता शास्त्रज्ञांनी खण रिकामा केलाय. चिठ्ठी मात्र निघता निघत नाही.

मी भोकरचा. आमच्या गावाहून डावीकडे गेलं काय आणि उजवीकडे गेलं काय, समुद्र पाचशे किलोमीटरच्या आसपासच. इंजिनिअरिंग केलं, आता पुण्यात कोड लिहितो. या शब्दाशी माझी गाठ पडली ती एका मैत्रिणीच्या एक्सेल शीटमुळे. तिने कोकण किनाऱ्यावर ओहोटीच्या वेळी दिसलेल्या प्राण्यांची यादी केली होती आणि ती मला डेटाबेसमध्ये बसवून हवी होती. 'गट' नावाच्या कॉलममध्ये काही ठिकाणी ऑपिस्थोब्रँकिया, काही ठिकाणी हेटेरोब्रँकिया आणि काही ठिकाणी नुसतं 'सी स्लग' असं लिहिलेलं. मी विचारलं, यातलं बरोबर कोणतं? ती म्हणाली, "पुस्तकावर अवलंबून आहे." डेटाबेसवाल्या माणसाला हे उत्तर चालत नाही. म्हणून मी शोधत गेलो, आणि शोधता शोधता कित्तूर, बडोदा आणि आमच्या शेजारचं निर्मल असं सगळं फिरून आलो.

आधी शब्दाचा अर्थ. ऑपिस्थो म्हणजे मागे, ब्रँकिया म्हणजे कल्ले. ज्याचे कल्ले हृदयाच्या मागे, तो ऑपिस्थोब्रँक. आंरी मिल्न-एडवर्ड्स या फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञाने १८४८ साली ही वाटणी केली. ज्यांचे कल्ले हृदयाच्या पुढे ते प्रोसोब्रँक, ज्यांचे मागे ते ऑपिस्थोब्रँक, आणि ज्यांना कल्ले नाहीत पण हवेत श्वास घ्यायला फुप्फुसासारखी पोकळी आहे ते पल्मोनाटा. हा तिसरा गट आधीपासून होताच. रानातली गोगलगाय पल्मोनाटा, समुद्रातले बहुतेक शंख-कवड्या प्रोसोब्रँक, आणि समुद्रातल्या बिनशंखाच्या किंवा अगदी पातळ शंखाच्या गोगलगायी ऑपिस्थोब्रँक. तीन खण, तीन चिठ्ठ्या. बी.एस्सी. प्राणिशास्त्राच्या किती तरी पिढ्यांनी हे पाठ केलंय.

कल्ले पुढे की मागे हा प्रश्नच का पडावा? कारण गोगलगाय लहानपणी स्वतःला पिळून घेते. ओलं धोतर पिळताना एक टोक धरून दुसरं फिरवतो ना, तसं. अळीच्या अवस्थेत असताना डोकं आणि पाय जागेवर राहतात, पण आतड्याचा, कल्ल्यांचा सगळा ऐवज अर्धा फेरा, म्हणजे १८० अंश, फिरतो. परिणाम असा की मागे असलेले कल्ले पुढे डोक्यावर येतात. गुदद्वारसुद्धा. म्हणजे बऱ्याच गोगलगायी आयुष्यभर स्वतःच्या डोक्यावर घाण टाकत जगतात. हे असं का झालं यावर शास्त्रज्ञ शंभराहून जास्त वर्षं भांडतायत. मिल्न-एडवर्ड्सच्या ऑपिस्थोब्रँकांमध्ये हा पीळ बराचसा परत उलगडलेला दिसतो, म्हणून कल्ले पुन्हा मागे. १८८१ साली स्पेंगेल नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाने नसा तपासल्या. पीळ कायम असलेल्यांच्या मुख्य नसा एकमेकींना ओलांडून इंग्रजी आठच्या आकड्यासारख्या दिसतात, तर ऑपिस्थोब्रँक आणि रानातल्या गोगलगायींच्या सरळ. सरळ नसांच्या या गटाला त्याने 'युथिन्युरा' म्हटलं. हा शब्द लक्षात ठेवा, कारण मोडकळीस आलेल्या या सगळ्या इमारतीत हा एक खांब अजून उभा आहे.

आता भारतात येऊ. आणि भारतात म्हणजे थेट आपल्याच भागात.

वॉल्टर एलियट हे नाव शाळेत कुणी शिकवलं नाही. १८०३ साली एडिंबरामध्ये जन्मलेला हा माणूस १८२१ साली कंपनी सरकारच्या नोकरीत मद्रासला आला आणि धारवाडला सहायक म्हणून लागला. त्या मुलखाला तेव्हा कंपनीच्या कागदांत 'दक्षिण मराठा मुलूख' म्हणत. २३ ऑक्टोबर १८२४ला कित्तूरच्या राणी चन्नम्माच्या सैन्याने धारवाडचा कलेक्टर थॅकरे याला ठार केलं, तेव्हा जे दोन गोरे अधिकारी कैद झाले, त्यांतला एक हा एलियट. विशीतला पोरगा. पुढे वाटाघाटी होऊन सुटला. कुणी दुसरा असता तर बदली मागून निघून गेला असता. हा तिथेच १८३३पर्यंत राहिला आणि दोन उद्योग केले.

पहिला उद्योग शिलालेखांचा. गावोगावच्या देवळांतले, वेशीतले लेख तो उतरवून घ्यायला लागला. शेकडो लेख जमले आणि त्यातून कल्याणीच्या चालुक्यांचा इतिहास पहिल्यांदा नीट मांडता आला. १८३७ साली लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकात तो छापून आला. कल्याणी म्हणजे आजचं बसवकल्याण, आपल्या लातूर जिल्ह्याच्या सीमेपलीकडचं. नांदेड जिल्ह्यातल्या देगलूर तालुक्यात होट्टलला सिद्धेश्वराचं देऊळ पाहिलं असेल तर ते याच चालुक्यांच्या काळाचं. आम्ही कॉलेजात असताना तिथे फोटो काढायला गेलो होतो. खांबांवरच्या मदनिका पाहून 'भारी' म्हणालो आणि खाली येऊन भजी खाल्ली. त्या राजघराण्याचा क्रम लावणारा माणूस पुढे समुद्री गोगलगायींच्या मागे लागला, हे तेव्हा कुणी सांगितलं असतं तर भजी घशात अडकली असती.

दुसरा उद्योग प्राण्यांचा. १८३९ साली त्याने दक्षिण मराठा मुलखातल्या सस्तन प्राण्यांची सूची छापली. त्यात प्रत्येक प्राण्याला मराठे काय म्हणतात, कानडी लोक काय म्हणतात, दखनी मुसलमान काय म्हणतात, वडार काय म्हणतात, हे तो नोंदवत गेला. मला हे फार आवडलं. डेटाबेसच्या भाषेत सांगायचं तर मुख्य नाव एकच, पण बाकीची सगळी नावं त्याला जोडून ठेवलेली. कुणाचंही नाव चूक ठरवलेलं नाही.

१८४५ साली तो उत्तर सरकार प्रांताचा कमिशनर झाला आणि विशाखापट्टणमजवळच्या वॉल्टेअरला राहायला गेला. इथे त्याला समुद्र मिळाला. त्याच वर्षी त्याने अमरावतीचा बौद्ध स्तूप खणून शिल्पं बाहेर काढली. ती आज लंडनला ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत आणि ती तिथे का असावीत हा वेगळा आणि रागाचा विषय आहे. पण शिल्पांच्या बरोबरीने तो वाळूत, खडकांत, कोळ्यांच्या जाळ्यांत सापडणाऱ्या समुद्री गोगलगायीही गोळा करत होता.

या प्राण्यांची एक मोठी अडचण असते. शंख वर्षानुवर्षं टिकतो. बिनशंखाची गोगलगाय मेली की रंग जातो, आकार जातो, स्पिरिटच्या बाटलीत एक करडा गोळा उरतो. निळी होती की केशरी, ठिपके होते की पट्टे, काही कळत नाही. म्हणून एलियटने जिवंत प्राणी समोर ठेवून स्थानिक चित्रकारांकडून रंगीत चित्रं काढून घेतली. चित्रं आणि बाटल्या न्यूकॅसलच्या जोशुआ ऑल्डर आणि अल्बनी हॅनकॉक या जोडगोळीकडे गेल्या. ब्रिटनच्या समुद्री गोगलगायींवरचा तेव्हाचा सगळ्यात मोठा ग्रंथ या दोघांचा. त्यांनी १८६४ साली एलियटच्या संग्रहावर लेख छापला. भारताच्या मुख्य भूमीवरच्या समुद्री गोगलगायींचं शास्त्रीय वाङ्मय इथून सुरू होतं असं म्हटलं तरी चालेल. थोडं आधी श्रीलंकेत केलार्ट नावाच्या डॉक्टरने तिथल्या जातींची वर्णनं केली होती, पण ती बेटावरची.

त्या लेखात एक नवीन प्रजाती आहे, तिचं नाव कलिंगा. हो, अशोकाचं कलिंग. कलिंगा ऑर्नाटा म्हणजे नटलेली कलिंगा. तळहाताएवढी वाढते, अंगभर केशरी-लाल टोकांचे फोड, आणि ठिसूळ हातांच्या तारामाशांवर जगते. ज्या माणसाने आयुष्याची पहिली वर्षं जुनी राजघराणी लावण्यात घालवली, त्याच्या गोगलगायीला एका जुन्या देशाचं नाव मिळावं हे शोभून दिसतं. चित्रं ज्यांनी काढली त्या चित्रकारांची नावं मात्र कुठल्या प्रजातीला लागली नाहीत. चित्राशिवाय ते वर्णन अर्धं राहिलं असतं.

पुढचा मोठा टप्पा मराठी माणसाच्या पैशाने झाला. नाशिक जिल्ह्यातल्या कवळाण्याचा गोपाळ बडोद्याच्या गादीवर सयाजीराव गायकवाड म्हणून बसला, हे आपल्याला माहीत असतं. ग्रंथालयं, सक्तीचं शिक्षण हेही माहीत असतं. पण काठेवाडातलं ओखामंडळ, म्हणजे द्वारकेचा परिसर, बडोदा संस्थानात होतं. तिथल्या समुद्रातून मोती-शंखांचं उत्पन्न वाढवता येईल का, हे तपासायला संस्थानाने जेम्स हॉर्नेल या तज्ज्ञाला १९०५-०६मध्ये नेमलं. हेतू महसुलाचा. पण हॉर्नेलने जे मिळेल ते सगळं गोळा केलं आणि बडोदा सरकारसाठीचा ओखामंडळच्या सागरी प्राण्यांचा अहवाल १९०९पासून भागाभागाने छापला गेला. त्यातला समुद्री गोगलगायींचा भाग लिहिला सर चार्ल्स इलियट यांनी.

हा दुसरा इलियट. आधीच्याशी नातं नाही, स्पेलिंगही वेगळं. हा मुत्सद्दी. ब्रिटिश पूर्व आफ्रिकेचा कमिशनर, नंतर हाँगकाँग विद्यापीठाचा पहिला कुलगुरू, नंतर जपानमधला ब्रिटिश राजदूत. १९२१ साली 'हिंदुइझम अँड बुद्धिझम' हा त्रिखंडी ग्रंथ लिहिणारा इलियट तो हाच. दिवसा तह आणि खलिते, रात्री सूक्ष्मदर्शकाखाली गोगलगायीचे दात. एका माणसाला एवढ्यात किती गोष्टींचा नाद असावा! आमच्याकडे दोन प्रोजेक्ट एकदम दिले तर आम्ही एचआरकडे जातो.

मग स्वातंत्र्यानंतर कच्छच्या आखातावर, मन्नारच्या आखातावर तुरळक काम होत राहिलं. मराठी माणसाच्या हातात हा विषय पुन्हा आला तो बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या दीपक आपटे यांच्यामुळे. भारतीय शंखांवरचं त्यांचं पुस्तक १९९८चं. २००९ साली त्यांनी सोसायटीच्या जर्नलमध्ये लक्षद्वीपच्या समुद्री गोगलगायींची सूची छापली. लक्षद्वीपसाठी ५२ नव्या नोंदी, त्यांपैकी ४० भारतासाठीच नव्या. म्हणजे एलियटनंतर दीडशे वर्षं झाली तरी आपल्या बेटांवर काय आहे हे आपल्याला निम्मंसुद्धा ठाऊक नव्हतं. पुढच्याच वर्षी विशाल भावे आणि दिशांत पाराशर्य यांच्यासोबत कच्छच्या आखाताची सूची आली. दोन्ही लेखांच्या शीर्षकात शब्द आहे: ऑपिस्थोब्रँक.

२०२० साली पश्चिम किनाऱ्यावरून क्रॅटेना प्रजातीच्या दोन नव्या जातींचं वर्णन झालं. एकीचं नाव गुजरातच्या पोशित्रावरून, आणि दुसरीचं क्रॅटेना पवारशिंदेओरम. पवार आणि शिंदे, आणि शेवटी लॅटिनचा अनेकवचनी षष्ठीचा प्रत्यय, म्हणजे 'पवार-शिंद्यांची'. बोटाच्या पेरापेक्षा फार मोठा नसलेला, पाठीवर बोटांसारखे तुरे असलेला जीव, आणि नाव ऐकलं तर लग्नपत्रिका वाटावी. हे तुरे म्हणजे नुसती शोभा नाही. या गटातल्या गोगलगायी हायड्रॉइड नावाचे दंश करणारे प्राणी खातात, त्यांच्या दंशाच्या पेशी न फुटता पचनमार्गातून पुढे नेतात आणि तुऱ्यांच्या टोकांत साठवून स्वतःच्या संरक्षणाला वापरतात. उधारीची हत्यारं.

मुंबईत २०१७पासून 'मरीन लाइफ ऑफ मुंबई' ही नागरिकांची मंडळी ओहोटीला लोकांना गिरगाव, हाजी अली, जुहूच्या किनाऱ्यावर फिरवते. मीही एकदा गेलो. चपला भिजल्या, प्लास्टिकच्या पिशव्यांमधून वाट काढली आणि एका डबक्यात नखाएवढी हिरवी गोगलगाय पाहिली. पान वाळूत पडलंय असं वाटलं. हिचं नाव एलिसिया, आणि हिच्यामुळेच मिल्न-एडवर्ड्सच्या खणाला सगळ्यात मोठी भेग पडली.

एलिसिया ज्या गटातली, त्याला सॅकोग्लोसा म्हणतात. १८७६ साली फॉन इहरिंगने ठेवलेलं नाव, अर्थ 'पिशवीजिभे'. यांच्या जिभेवर दातांची एकच ओळ असते आणि झिजलेले दात फेकून न देता त्या एका पिशवीत जमा करतात. त्या शेवाळाच्या पेशीला दाताने भोक पाडून आतला रस शोषतात. त्यातल्या काही जाती रसातली हरितलवकं, म्हणजे क्लोरोप्लास्ट, पचवत नाहीत तर स्वतःच्या पेशींत शाबूत ठेवतात. १९६५ साली जपानच्या कावागुती आणि यामासू यांनी एलिसियाच्या शरीरात हे क्लोरोप्लास्ट दाखवले. चोरलेल्या सोलर पॅनलवर चालणारा प्राणी असं म्हणतात, पण त्या उजेडातून या प्राण्याचं पोट नेमकं किती भरतं यावर अजून वाद आहेत.

कल्ले मागे या व्याख्येत या बसतात का? एलिसियाला कल्लेच नाहीत. ती त्वचेतून श्वास घेते. आणि सगळ्यात प्रसिद्ध समुद्री गोगलगायी, न्यूडिब्रँक, म्हणजे 'नागड्या कल्ल्यांच्या'? त्यांचे मूळचे कल्ले केव्हाच नाहीसे झालेत. पाठीवर जे फुलासारखं दिसतं ते नंतर उगवलेलं. म्हणजे 'मागे कल्ले' या नावाच्या खणात कल्ले नसलेले, नवे कल्ले उगवलेले आणि खरोखर मागे कल्ले असलेले, सगळेच कोंबलेले. हे लोकांना दिसत नव्हतं असं नाही. १९८५ साली गेरहार्ड हॅसप्रुनारने ऑपिस्थोब्रँक, पल्मोनाटा आणि काही चिल्लर शंख मिळून हेटेरोब्रँकिया या एका मोठ्या छताखाली आणले. पण आतल्या भिंती कुठे घालायच्या ते ठरत नव्हतं.

२०१० साली कॅथरिना यॉर्गर आणि सहकाऱ्यांनी चार जनुकांचे तुकडे घेऊन वंशवृक्ष काढला, आणि भिंत चुकीच्या जागी होती हे दिसलं. एलिसियाचा सॅकोग्लोसा गट न्यूडिब्रँकांजवळ बसला नाही. तो बसला रानातल्या गोगलगायींच्या फांदीवर. या फांदीला त्यांनी नाव दिलं पॅनपल्मोनाटा, 'सगळे फुप्फुसवाले', आणि त्यात फुप्फुस नसलेली एलिसियाही आली. समुद्री ससे आणि त्यांचे नातेवाईक यांचा वेगळा गट झाला, त्याला युऑपिस्थोब्रँकिया म्हटलं, म्हणजे 'खरे ऑपिस्थोब्रँक'. आणि ज्यांच्या फोटोंनी इन्स्टाग्राम भरलंय त्या न्यूडिब्रँक या 'खऱ्यां'मध्ये नाहीतच. त्यांची फांदी दोन्हींच्या आधीच फुटलेली. पुढच्याच वर्षी, २०११ साली, याच मंडळींपैकी श्रोडल यांनी सहकाऱ्यांसोबत लिहिलेल्या लेखाच्या शीर्षकातच 'बाय बाय ऑपिस्थोब्रँकिया' असे शब्द होते. शास्त्रीय लेखाचं शीर्षक. मला आवडलं.

थोडक्यात हिशोब असा. स्पेंगेलचे सरळ नसांचे युथिन्युरा शाबूत. त्याच्या आत 'ऑपिस्थोब्रँकिया' आणि 'पल्मोनाटा' हे दोन्ही जुने खण मोडले. शंख टाकून मऊ अंगाने फिरणं हे एकदा घडलेलं नाही, वेगवेगळ्या फांद्यांवर पुन्हा पुन्हा घडलंय. आपण फक्त सारखे कपडे पाहून सगळ्यांना भाऊ समजत होतो.

मग शब्द अजून का चालतो? जुन्या सूच्या, बाटल्यांवरच्या चिठ्ठ्या, विद्यापीठांचे पेपर, सगळं त्या नावावर उभं आहे. आमच्या धंद्यात याला डेप्रिकेटेड म्हणतात. फंक्शन वापरू नका अशी सूचना येते, पण काढून टाकलं तर दहा वर्षांपूर्वीचे चारशे प्रोग्राम बंद पडतात, म्हणून ते राहतं. मैत्रिणीच्या शीटमध्ये मी तेच केलं. मुख्य कॉलममध्ये आजचं नाव, आणि शेजारी 'जुन्या लेखांतलं नाव' असा दुसरा कॉलम. एलियटच्या सूचीतल्या मराठी-कानडी नावांसारखा. २००९चा लेख शोधणाऱ्याला जुन्या शब्दानेच शोधावं लागणार. तो पुसला तर लक्षद्वीपच्या त्या ५२ नोंदी कुणाला सापडायच्या?

दिवाळीला गावी गेलो तेव्हा काकांना हे सांगत होतो. ते म्हणाले, "समुद्रातल्या गोगलगायीचं तू काय करायलास रे? आपल्या रानातलीचं बघ की. औशाच्या पाहुण्यांचं काय झालं ते इसरलास का?"

विसरलो नव्हतो. जुलै २०२२. लातूर, बीड, उस्मानाबादकडे सोयाबीन नुकतं उगवलेलं आणि शंखी गोगलगायींनी रातोरात कोंब खाल्ले. आमच्या पाहुण्यांनी दुबार पेरणी केली, तीही अर्धी गेली. बी, खत, मजुरी दोनदा. परभणीच्या कृषी विद्यापीठाचे सल्ले मोबाइलवर फिरत होते: संध्याकाळी आणि पहाटे हाताने वेचा, मिठाच्या किंवा साबणाच्या पाण्यात टाका, गुळाच्या पाण्यात भिजवलेली पोती बांधावर टाका म्हणजे खाली गोळा होतात, मेटाल्डिहाइडच्या गोळ्या टाका पण जनावरं-कोंबड्यांपासून जपून. वहिनी सांगत होत्या, "बादल्याच्या बादल्या भरल्या भाऊजी, तरी सकाळी रान हाललेलं दिसायचं."

ही शंखी गोगलगाय मूळची पूर्व आफ्रिकेची. भारतात ती आणली बेन्सन नावाच्या इंग्रज शंखतज्ज्ञाने, १८४७ साली मॉरिशसहून कलकत्त्याला, जिवंत. म्हणजे मिल्न-एडवर्ड्सने पॅरिसमध्ये कल्ले मागे-पुढे मोजायच्या एकच वर्ष आधी. शंखांवर प्रेम करणाऱ्या माणसाच्या सामानातून उतरलेला प्राणी पावणेदोनशे वर्षांनी औशाच्या सोयाबीनमध्ये.

मी काकांना म्हटलं, "काका, ती हिरवी गोगलगाय आणि ही शंखी एकाच फांदीवरच्या आहेत. समुद्रातल्या बाकीच्या रंगीत गोगलगायींपेक्षा हिचं तिच्याशी जवळचं नातं."

"मग तिला सांग म्हणावं, हिला घेऊन जा."

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. नातं कळून पोत्याखालच्या गोगलगायी कमी होत नाहीत हे खरंच. एक गोष्ट मात्र काकांना पटली. हेटेरोब्रँकियातले बहुतेक प्राणी उभयलिंगी असतात. समुद्रातल्या शंखांमध्ये बहुधा नर वेगळा, मादी वेगळी. शंखी गोगलगायीत तसं नाही. मिलनानंतर अंडी कुणीही घालू शकतं, आणि एका वेळी शेकडो. "म्हणजे नर म्हणून सोडायची सोय नाही," काका म्हणाले. "दिसली की उचलायची."

आणि मॉरिशसचं नाव निघालंच आहे तर हेही. १९७२ साली त्याच बेटाच्या समुद्रातून अमेरिकन रसायनशास्त्रज्ञ पेटिट यांनी डोलाबेला नावाचा समुद्री ससा गोळा केला. 'खऱ्या ऑपिस्थोब्रँकां'पैकी एक. त्यातून १९८७ साली डोलास्टॅटिन १० हे रसायन वेगळं करून त्याची रचना मांडली. त्याच्यावरून बेतलेला रेणू जोडलेलं ब्रेंटुक्सिमॅब व्हेडोटिन हे औषध २०११पासून हॉजकिन लिम्फोमा या कर्करोगावर दिलं जातं. नंतर कळलं की रसायन मुळात गोगलगायीचं नाहीच, ती जे नीलहरित जिवाणू खाते त्यांचं. इथेही उधारी. एकाच बेटावरून एका बोटीत पिकाचा नाश आला आणि दुसरीत औषधाचा धागा, आणि दोघींचा कूळपुरुष युथिन्युराच्या त्याच सरळ नसांचा.

समुद्र आमच्यापासून लांब आहे असं मी वर म्हटलं. पण ही फांदी लांब नाही. भोकरहून भैंसामार्गे निर्मलला गेलं की पुढे आदिलाबादकडे डोंगर लागतात. जुन्या इंग्रजी नकाशांत त्यांना सिचेल हिल्स म्हणत. मद्रास फौजेतला डॉक्टर माल्कमसन हैदराबाद-नागपूर रस्त्याने जाताना या डोंगरांत उतरला आणि काळ्या बेसाल्टच्या थरांमध्ये अडकलेले गारगोटीचे शंख त्याला सापडले. १८४० साली लंडनच्या जिऑलॉजिकल सोसायटीत त्याचा लेख छापला गेला आणि त्यात एका शंखाचं नाव पडलं फायसा प्रिन्सेपी. ब्राह्मी लिपी उलगडणाऱ्या प्रिन्सेपचं आडनाव. लाव्हाच्या दोन पुरांमध्ये शांतता असताना जी तळी साचली, त्यांत या गोगलगायी राहायच्या. वय साधारण ६ कोटी ६० लाख वर्षं, म्हणजे डायनोसॉर संपले तो काळ. फायसाचा गट गोड्या पाण्यातला, फुप्फुसाने श्वास घेणारा, म्हणजे यॉर्गरच्या वंशवृक्षात पॅनपल्मोनाटा. मुंबईच्या डबक्यातली हिरवी एलिसिया, औशाच्या बांधावरची शंखी आणि निर्मलच्या दगडातली फायसा एका फांदीवर.

फायसाचा शंख ओळखायला सोपा असतो. टोक वर आणि तोंड आपल्याकडे करून धरला तर बहुतेक शंखांचं तोंड उजवीकडे येतं. हिचं डावीकडे.